मिशन गेले, मंडळी उरली. तिने आता नेमके काय करावे?

सावेडीकर (धागाकर्ता)

२९ नोव्हेंबर १९७० रोजी नागपुरात सहा परंपरांच्या मंडळ्या, म्हणजे चर्च, एकत्र आल्या आणि उत्तर भारतीय मंडळी, म्हणजे आपल्या रोजच्या बोलण्यातली सीएनआय, स्थापन झाली. इंग्लंड-अमेरिकेतल्या जुन्या वादांतून निपजलेले पंथभेद नगर, नाशिक, जालन्याच्या माणसांनी पिढ्यान्‌पिढ्या का वाहायचे, हा तेव्हाचा साधा आणि रास्त प्रश्न होता. अमेरिकन मेथडिस्ट परंपरेची मंडळी ऐनवेळी बाहेर राहिली, तरीही जे घडले ते लहान नव्हते. आज अर्धशतक उलटून गेल्यावर मला दुसराच प्रश्न पडतो, आणि तो केवळ सीएनआयपुरता नाही: ही मंडळी आपला वेळ, पैसा आणि शहाणपण आज कशावर खर्च करते?

उत्तरासाठी धर्मशास्त्राचे ग्रंथ उघडायला नकोत. कोणत्याही जुन्या शहरी मंडळीच्या वार्षिक सभेची विषयपत्रिका पाहावी. प्रार्थना आणि शास्त्रवाचन झाले की मागील सभेचे इतिवृत्त, त्यावरील हरकती, हिशेबपत्रके, लेखापरीक्षकांची नेमणूक, विश्वस्त बदलल्याचा, धर्मादाय कार्यालयात पडून असलेला बदल अर्ज, रस्त्याकडेच्या गाळ्यांचे थकलेले भाडे, वकिलांची फी, कंपाउंडातील अतिक्रमण, आणि शेवटी 'अध्यक्षांच्या परवानगीने आयत्या वेळचे विषय'. मंडळीतल्या कोणाच्या मुलाची शाळा सुटली, कोणत्या घरात दारूने संसार मोडला, कोणती म्हातारी बाई सहा रविवार दिसली नाही, हे विषय आयत्या वेळच्या यादीतही क्वचितच येतात. गरीब फंडातून वर्षभरात दिलेली रक्कम कोर्टखर्चापेक्षा कमी आहे, हे हिशेब ऐकताना एकदा ध्यानात आले की नंतर उपदेश ऐकतानाही ते डोक्यातून जात नाही.

हे एका रात्रीत झालेले नाही. अमेरिकन मराठी मिशनचे काम मुंबईत १८१३ मध्ये सुरू झाले आणि १८३१ मध्ये नगरला पोचले. १८४२ मध्ये मिशनचे 'ज्ञानोदय' हे नियतकालिक निघाले. मिशनच्या शिक्षिका सिंथिया फरार यांच्या नगरमधील मुलींच्या शाळा पाहून जोतीराव फुल्यांना पुण्यात तशी शाळा काढावीशी वाटली, हे त्यांनी स्वतःच सांगितले आहे. मिरजेला डॉ. विल्यम वॉनलेस यांनी १८९४ मध्ये रुग्णालय उभारले. त्या काळच्या मिशनवर घेण्यासारखे आक्षेप पुष्कळ आहेत, आणि 'नेटिव्ह' पाळकांना मिळालेली दुय्यम वागणूक हा त्यांतला मोठा आहे. पण त्या शाळांत बसणारी आणि त्या दवाखान्यांत झोपणारी बहुतेक माणसे मंडळीची सभासद नव्हती, हेही खरे. स्वातंत्र्यानंतर मिशनरी परतले, पैशाचा ओघ आटला आणि जमिनी, बंगले, शाळा, दवाखाने विश्वस्त संस्थांच्या ताब्यात आले. मालमत्ता आपल्या पदरात पडली. ती ज्या कामासाठी उभी राहिली होती ते काम कोण आणि कोणत्या पैशावर करणार, हे मात्र कोणी नीट ठरवले नाही. दवाखान्यांची आजची कळा पाहिली की हे वेगळे सांगावे लागत नाही.

उलट मालकीचेच भांडण वाढत गेले. १९७० च्या विलीनीकरणात मंडळ्यांनी ठराव केले, पण गुजरातमधील ब्रदरन मंडळीच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने २०१३ मध्ये असा निर्णय दिला की नुसत्या ठरावाने जुना न्यास विसर्जित होत नाही आणि त्याची मालमत्ता आपोआप सीएनआयकडे जात नाही. त्यासाठी कायद्याने सांगितलेली रीत पाळावी लागते. निर्णय कायद्याला धरून असेल. परंतु प्रभूभोजनाच्या एका मेजाभोवती बसू म्हणणाऱ्यांना जमिनीच्या सातबाऱ्याने पुन्हा वेगळे करावे, यातला विरोधाभास कोणाला बोचत कसा नाही?

ख्रिस्ती कवी रेव्हरंड ना. वा. टिळकांनी १९१७ मध्ये मिशनची नोकरी सोडून साताऱ्यात 'देवाचा दरबार' मांडला. बाप्तिस्मा घेतलेले आणि न घेतलेले, दोघांनाही ख्रिस्ताचे अनुयायी म्हणून एकत्र बसता यावे, ही त्यामागची कल्पना होती. दोन वर्षांत टिळक गेले आणि दरबार फार टिकला नाही. त्यांची भजने आपण 'उपासना संगीत' या गीतसंग्रहातून दर रविवारी गातो. ख्रिस्ती आणि बाहेरचे यांना वेगळे करणाऱ्या कंपाउंडाच्या भिंतीबद्दलचा त्यांचा आक्षेप मात्र आपण गात नाही.

माझे म्हणणे थोडक्यात असे की मंडळीचे काम तिच्या सभासद नसलेल्या आणि तिला काहीही परत देऊ न शकणाऱ्या माणसापासून सुरू होते, आणि आज तो माणूस आपल्या विषयपत्रिकेतच नाही. जाणकारांनी मत मांडावे. व्यक्तींची आणि चालू खटल्यांतील पक्षांची नावे कृपया घेऊ नयेत.

निर्मळकाठ

सलाम. मी वसईचा, कॅथलिक. आमच्याकडे चित्र थोडे निराळे आहे, म्हणून लिहितो.

आमच्या धर्मग्रामाची (पॅरिशची) मालमत्ता तुमच्यासारखी पंचकमेटीच्या, म्हणजे सभासदांनी निवडलेल्या कारभारी समितीच्या, हाती नसते. फादरांची बदली होते आणि एकूण कारभार बिशपांच्या अखत्यारीत चालतो. त्यामुळे तुमच्यासारखी कोर्टबाजी आमच्याकडे कमी, आणि प्रापंचिकांचा आवाजही तितकाच कमी. २०२१ पासून २०२४ पर्यंत पोप फ्रान्सिस यांनी जगभर सिनडची, म्हणजे सर्व स्तरांवरच्या विचारविनिमयाची, प्रक्रिया चालवली. मंडळीने सर्वांचे ऐकत चालावे, असा तिचा आशय होता. धर्मग्रामांतून बैठका झाल्या, लोकांनी मनापासून लिहून दिले. त्या लेखनाचे पुढे आमच्या धर्मग्रामात काय झाले, हे विचारले की 'वर पाठवले आहे' एवढेच उत्तर मिळते.

आता मुख्य मुद्दा. जमिनीची राखण म्हणजे मंडळीच्या कामाला फाटा, असे तुमचे लेखन वाचून वाटले. आमचा अनुभव असा नाही. १९९० च्या आगेमागे वसईची हिरवी जमीन बांधकामासाठी खुली होऊ लागली, तेव्हा फादर फ्रान्सिस दिब्रिटो यांच्या नेतृत्वाखाली हरित वसई संरक्षण समिती उभी राहिली. केळी, पानवेली आणि फुलांचे मळे, विहिरी आणि बावखले यांच्यावर इथले सगळे जगणे उभे होते. बावखल म्हणजे वाडीतले गोड्या पाण्याचे तळे; पावसाचे पाणी त्यात साठते, जमिनीत मुरते आणि आजूबाजूच्या विहिरी गोड ठेवते. एक बावखल बुजवून त्यावर इमारत उभी राहिली की शेजारच्या चार वाड्यांचे पाणी मचूळ होते, आणि त्या वाड्या ख्रिस्ती आहेत की हिंदू याची चौकशी ते पाणी करत नाही. त्या लढ्यात सर्व धर्मांचे लोक होते. पोप फ्रान्सिस यांचे पर्यावरणावरचे परिपत्रक २०१५ मध्ये आले. आमच्याकडे तो विषय त्याआधी पाव शतक रस्त्यावर आला होता.

अर्थात दुसरी बाजूही मांडली पाहिजे. जमिनी विकणारे पुष्कळदा आम्हीच होतो. रविवारी मिस्साला पहिल्या बाकावर बसून हिरवाईवरचे प्रवचन ऐकायचे आणि सोमवारी बिल्डरकडे विसार घ्यायला जायचे, असे करणारी माणसे मी ओळखतो. आमचे 'सुवार्ता' मासिक १९५५ पासून निघते आणि त्याने या विषयावर भरपूर लिहिले. वाचणाऱ्यांनी वाचले, विकणाऱ्यांनी विकले.

कृष्णाकाठ

मी ख्रिस्ती नाही. धागा वाचतो आहे आणि चर्चेचा सूर आवडला. पण एक गोष्ट आडवळणाने न विचारता सरळ विचारतो. शाळा, दवाखाना, पर्यावरण हे सारे ठीक. धर्मांतर हाच चर्चचा खरा उद्देश आहे आणि बाकी सर्व त्याचे साधन आहे, असे बाहेरच्या पुष्कळ लोकांना वाटते. त्यावर आपणा मंडळींचे प्रामाणिक उत्तर काय?

सावेडीकर

कृष्णाकाठ, प्रश्न सरळ आहे, म्हणून उत्तरही तसेच देतो. ख्रिस्ताची ओळख इतरांना करून देणे हा मंडळीच्या उद्देशाचा भाग आहे. तो नाकारून 'आम्ही फक्त समाजसेवा करतो' असे म्हणणे खोटे ठरेल, आणि तसे म्हणणारे आमच्यात आहेत याचे मला वाईट वाटते. घटनेचे पंचविसावे कलम धर्माचा प्रसार करण्याचा हक्क देते. त्या हक्कात दुसऱ्याचे धर्मांतर घडवून आणण्याचा हक्क येत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने १९७७ मध्ये स्पष्ट केले आहे. म्हणजे सांगण्याचा हक्क माझा, आणि स्वीकारण्याचा वा नाकारण्याचा निर्णय सर्वस्वी ऐकणाऱ्याचा. हे मला माझ्या श्रद्धेच्या दृष्टीनेही योग्य वाटते.

दवाखान्यातल्या खाटेवरचा रुग्ण जर मुळात भावी सभासद म्हणूनच पाहिला जात असेल, तर ती सेवा नासली. असे कधी घडलेच नाही, अशी ग्वाही मी देणार नाही. दुष्काळाच्या वर्षांत आलेल्या लोंढ्यांबद्दल मिशनऱ्यांच्या स्वतःच्या अहवालांतही शंका आढळतात. पण आजच्या नगर जिल्ह्यात ख्रिस्ती होऊन माणसाला ऐहिक लाभ काय होतो, हेही तपासून पाहावे. २०११ च्या जनगणनेत महाराष्ट्रात ख्रिस्ती लोक सुमारे १० लाख ८० हजार, म्हणजे एक टक्क्याहूनही थोडे कमी होते. अनुसूचित जातीतील माणूस ख्रिस्ती झाला की त्याच्या पदरात काय पडते आणि पदरचे काय जाते, हे अधिक जाणणारे कोणी इथे असतील तर त्यांनी लिहावे.

अंबडरोड

लिहितो, कारण हा माझ्या घरचा विषय आहे.

१० ऑगस्ट १९५० च्या राष्ट्रपतींच्या आदेशातील तिसऱ्या परिच्छेदाने अनुसूचित जातीचा दर्जा हिंदूंपुरता मर्यादित केला. १९५६ मध्ये त्यात शिखांचा आणि १९९० मध्ये बौद्धांचा समावेश झाला. ख्रिस्ती आणि मुसलमान बाहेरच राहिले. न्या. रंगनाथ मिश्र आयोगाने २००७ मध्ये ही धर्माची अट काढून टाकण्याची शिफारस केली. ती तशीच पडून आहे. २०२२ मध्ये न्या. के. जी. बालकृष्णन यांच्या अध्यक्षतेखाली नवा आयोग नेमला गेला. नोव्हेंबर २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने म्हटले की केवळ आरक्षणाच्या लाभासाठी धर्म बदलल्याचा दावा करणे ही घटनेशी प्रतारणा आहे. महाराष्ट्रात आम्हाला इतर मागासवर्गात स्थान आहे, पण त्याने अनुसूचित जातीची शिष्यवृत्ती, राखीव मतदारसंघ किंवा अत्याचार प्रतिबंधक कायद्याचे संरक्षण मिळत नाही. गावात कोणी जातीवरून मारले, तर मारणाऱ्याला आमची जात ठाऊक असते. नसते ती कायद्याला.

परिणाम सगळ्यांना माहीत आहे आणि कोणी मोठ्याने बोलत नाही. शाळेच्या दाखल्यावर एक धर्म लिहिलेला असतो आणि मंडळीच्या बाप्तिस्म्याच्या रजिस्टरात दुसरा. मुलाला वसतिगृहात घालायचे असेल तर बाप दाखला जपतो आणि लग्नाची वेळ आली की पाळकसाहेबांकडे दाखल्याची गोष्ट काढत नाही. पाळकसाहेबही विचारत नाहीत. त्या बापाला ढोंगी म्हणण्याची माझी हिंमत होत नाही, कारण त्याला या अडचणीत कायद्याने लोटले आहे. मात्र जनगणनेचा आकडा वाचताना हे लक्षात ठेवावे.

पण खरे दुखणे पुढेच आहे. १० ऑगस्टला आम्ही काळा दिवस पाळतो, निवेदने देतो आणि दिल्लीत सांगतो की धर्म बदलला तरी जात सुटत नाही. घरी, आपल्या मंडळीत, सांगतो की ख्रिस्तात आल्यावर जात उरत नाही. दोन्हीपैकी एकच खरे असणार. मराठवाड्यात आणि नगरकडे बहुसंख्य ख्रिस्ती महार आणि मांग समाजांतून आले. आज तिसऱ्या-चौथ्या पिढीतही सोयरीक जमवताना पहिला प्रश्न 'मूळचे कोण?' हाच असतो, आणि पंचकमेटीच्या निवडणुकीत मतांची बेरीज कशी मांडली जाते ते सर्वांना ठाऊक आहे. मंडळीने आपल्याच बाकांवरची जात मान्य केली, तिच्यावर उपदेश केला, दोन समाजांतली लग्ने आनंदाने लावली, तर सरकारपुढची आमची मागणीही अधिक खरी वाटेल. माझ्या हयातीत या विषयावर व्यासपीठावरून मी एकही सबंध उपदेश ऐकलेला नाही.

सावेडीकर, आणखी एक. जुन्या मंडळ्या ओस पडून पत्र्याच्या शेडमधल्या फेलोशिपा, म्हणजे नवे स्वतंत्र प्रार्थनागट, भरत आहेत, याचे खापर आपण प्रार्थनेने आजार बरे करण्याच्या आरोग्यसभा आणि चमत्काराच्या जाहिरातींवर फोडतो. त्यातला फसवेपणा मलाही मान्य नाही. औषध बंद करायला सांगणाऱ्या प्रचारकावर तर गुन्हाच दाखल व्हावा. परंतु माझी बहीण तिकडे गेली ती चमत्कारासाठी नव्हे. मेव्हण्यांच्या आजारपणात तिकडची माणसे रोज संध्याकाळी घरी येऊन बसत, भाकरीभाजी आणत, रात्री दवाखान्यात आळीपाळीने थांबत. आमच्या मंडळीचे प्रतिनिधी एकदा आले आणि जाताना वर्गणी थकल्याची आठवण करून गेले.

ओवीबद्ध

चर्चा चांगली चालली आहे, पण आतापर्यंतच्या सर्व प्रतिसादांत स्त्रिया केवळ पंडिता रमाबाईंच्या काळात होत्या असे वाटू लागले आहे; तेही नाही, रमाबाईंचा तर उल्लेखच झालेला नाही! केडगावात दुष्काळग्रस्त आणि टाकलेल्या मुलींसाठी मुक्ती सदन उभारून तिथेच छापखाना चालवणारी, मूळ भाषा शिकून सबंध बायबल मराठीत आणणारी ही बाई मंडळीच्या उद्देशाचा विषय निघाल्यावर पहिल्या परिच्छेदात यायला हवी होती, सावेडीकर दादा.

आजची स्थिती सांगते. कापणीच्या सणाला स्वयंपाक, सजावट आणि लिलावासाठी वस्तू गोळा करणे महिला मंडळाकडे. लिलावाच्या पैशाचे काय करायचे ते कमेटीकडे. सीएनआयमध्ये स्त्रियांना पाळकपदाची दीक्षा मिळते, आणि दक्षिण भारतीय मंडळीत २०१३ मध्ये पहिल्या स्त्री बिशप झाल्या. नियमाने दार उघडे आहे. तरी मराठी मंडळीत 'आम्हाला बाई पाळक पाठवू नका' अशी विनंती डायसिसकडे, म्हणजे बिशपांच्या प्रांत-कार्यालयाकडे, जाते, आणि ती लिहिणाऱ्यांत कधीकधी बायकाही असतात.

घरातल्या मारहाणीबद्दल तर मंडळीला बोलताच येत नाही. १८६९ च्या घटस्फोट कायद्यानुसार ख्रिस्ती नवऱ्याला बायकोचा व्यभिचार सिद्ध केला की पुरे होई. बायकोला मात्र व्यभिचाराच्या जोडीला क्रूरता किंवा परित्यागही सिद्ध करावा लागे. हा भेद मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्ण पीठाने १९९७ मध्ये मोडीत काढला आणि २००१ मध्ये संसदेने कायदाच बदलला. म्हणजे एकशे तीस वर्षे हा अन्याय चालला. बदलासाठी चर्चच्या काही संघटनांनी प्रयत्न केले हे मी मान्य करते. पण कायदा बदलला तरी पाळकांच्या बैठकीच्या खोलीतला सल्ला बदललेला नाही: 'प्रार्थना कर, जमवून घे, लेकरांकडे बघ.' माझ्या ओळखीच्या एका बाईने हा सल्ला मानला. तिचा हात दोनदा मोडला, आणि दुसऱ्यांदा तिला दवाखान्यात नेणारी शेजारीण मंडळीतली नव्हती.

अंबडरोड यांनी लिहिलेली रोज संध्याकाळी घरी येणारी माणसे कोण असतात, हेही पाहावे. बहुतेक बायकाच असतात. त्यांना पद नसते, मानधन नसते आणि इतिवृत्तात त्यांची नोंदही होत नाही. मंडळी आज जिथे कुठे जिवंत आहे, तिथे ती यांच्यामुळे आहे, असे माझे स्पष्ट मत आहे.

सावेडीकर

ओवीबद्ध ताई, रमाबाईंबद्दलचा आक्षेप मान्य. अंबडरोड, जातीवरचा मुद्दा माझ्या मूळ लेखापेक्षा अधिक मुळाशी जाणारा आहे. आपल्याच बाकावरच्या शेजाऱ्याशी सोयरीक नको असलेली मंडळी कंपाउंडाबाहेरच्या माणसाकडे कोणत्या तोंडाने जाणार? निर्मळकाठ, तुमच्या वसईत जमीन राखली गेली ती तिच्यावर जगणाऱ्यांसाठी. आमच्याकडे ती राखली जाते ती पुढच्या कमेटीने विकावी म्हणून, एवढाच फरक मला दिसतो.

आता एक व्यावहारिक प्रश्न. गाळ्यांचे भाडे किंवा जमिनीच्या विक्रीचा पैसा कशावर खर्च व्हावा, यात साध्या सभासदाला कायद्याने काही बोलता येते काय?

धर्मादायवाला

येते. महाराष्ट्र सार्वजनिक विश्वस्त व्यवस्था कायद्याच्या कलम ३६ प्रमाणे न्यासाची स्थावर मालमत्ता विकायची, अदलाबदल करायची किंवा बक्षीस द्यायची असेल, तसेच बिगरशेती जागा तीन वर्षांहून आणि शेतजमीन दहा वर्षांहून अधिक मुदतीने भाडेपट्ट्याने द्यायची असेल, तर धर्मादाय आयुक्तांची पूर्वमंजुरी लागते. व्यवहार न्यासाच्या हिताचा, लाभाचा किंवा संरक्षणाचा आहे की नाही हे पाहूनच मंजुरी मिळते, आणि तिला अटी घालता येतात. मिळालेला पैसा कसा गुंतवायचा किंवा कोणत्या कामासाठी वापरायचा, हीही अट असू शकते. हितसंबंध असलेली व्यक्ती म्हणून सभासदाला तिथे हरकत नोंदवता येते. हरकत घेताना 'कमेटी भ्रष्ट आहे' असे मोघम लिहू नये. न्यासाच्या योजनेची किंवा घटनेची प्रत मिळवावी, तीत लिहिलेले उद्देश पाहावेत, आणि प्रस्तावित खर्च त्यांतल्या कोणत्या उद्देशात बसतो असे लेखी विचारावे. जुन्या मिशन न्यासांच्या उद्देशांत शिक्षण आणि गरिबांना साहाय्य यांचा उल्लेख बहुधा सापडतो. वकिलांच्या फीचा सापडत नाही.

बदल अर्जाबाबतही सांगतो. विश्वस्त बदलले की नव्वद दिवसांत कलम २२ खाली अर्ज द्यावा लागतो. दोन गट दोन याद्या देतात, दोन्ही वर्षानुवर्षे प्रलंबित राहतात, आणि तोवर बँकेत सह्या कोणाच्या चालतील यावर वाद होऊन गरीब फंडाचे खातेसुद्धा गोठते. वार्षिक सभेची नोटीस निघण्यापूर्वी सचिवांकडे विषय लेखी द्यावा, पोच घ्यावी, आणि विषयपत्रिकेत तो आला नाही तर तीच पोच हरकतीला जोडावी.